इसबगोल मी कधी घेतलाच नव्हता

मला इसबगोलची ॲलर्जी आहे असं सांगितलं की ऐकणारा आधी हसतो. शेंगदाण्याची, कोळंबीची, पेनिसिलिनची ॲलर्जी लोकांना पटते. इसबगोल म्हणजे बियांवरचं टरफल. ते पाणी शोषतं, फुगतं आणि आतड्यातून पुढे सरकतं. त्याची कसली आलीय ॲलर्जी? एका तरुण डॉक्टरने तर माझ्या केस पेपरवर ॲलर्जीच्या रकान्यात ‘इसबगोल’ लिहून पुढे प्रश्नचिन्ह काढलं होतं. त्यानंतरचा प्रश्नही ठरलेला असतो: किती वर्षं घेत होता? माझं उत्तर ऐकून माणूस आणखीच गोंधळतो. मी तो कधी घेतलाच नव्हता. मी तो दुसऱ्यांना कालवून देत होते.

मी स्टाफ नर्स होते, पुढे इन्चार्ज सिस्टर झाले, आणि नोकरीचा मोठा भाग वृद्धांच्या वॉर्डात गेला. असा वॉर्ड ज्यांनी पाहिलेला नाही त्यांना सांगते, तिथे बीपीच्या चार्टइतकीच किंमत शौचाच्या चार्टला असते. अंथरुणाला खिळलेला माणूस, त्यात वेदनाशामक गोळ्या, लोहाच्या गोळ्या, आणि पाणी प्यायचा कंटाळा. पोट साफ होणार कुठून? म्हणून सकाळच्या औषधांच्या राउंडला ट्रॉलीवर ग्लासांची रांग लागायची. मोठ्या डब्यातून चमचा भरून पावडर ग्लासात टाकायची, वरून पाणी ओतायचं आणि लगेच ढवळायचं. जरा रेंगाळलात की त्याची खळ होते आणि पेशंट तोंड फिरवतो. या सगळ्यात धुरळा उठतो. डबा उघडला की उठतो, चमचा झटकला की उठतो, उंचावरून पाणी पडलं की उठतो. खिडकीतून ऊन आत येत असेल तर तो दिसतो, एरवी नाही. राउंड संपल्यावर ट्रॉली पुसायला घेतलेल्या फडक्याला मात्र तो नेमका लागायचा.

राउंड सुरू झाला की मला शिंका सुरू व्हायच्या. डोळे चुरचुरायचे, नाक गळायचं. आम्ही दोष दिला चादरींच्या धुळीला, मग फिनेलला, मग एसीला. वॉर्डातल्या आणखी काही जणींना हेच व्हायचं, त्यामुळे ते आजारपण वाटायचंच नाही, वॉर्डाची हवाच तशी असं वाटायचं. रजेवर गेले की नाक मोकळं. रुजू झाले की पुन्हा तेच. कामावर होणारा आणि सुट्टीत नाहीसा होणारा त्रास म्हणजे व्यवसायातून आलेल्या ॲलर्जीची सगळ्यात ठळक खूण. पण मला वाटायचं, सुट्टीत कोणाला बरं वाटत नाही?

पुढे शिंकांच्या जोडीला संध्याकाळचा खोकला आला, आणि छातीत शिट्टी वाजल्यासारखा आवाज. इनहेलर सुरू झाला. निदान झालं दम्याचं, आणि ते खरंच होतं. दमा कशाने, एवढंच कोणी विचारलं नाही.

मग तो नाश्त्याचा पुडा. चहाच्या सुट्टीत एका सिस्टरने पौष्टिक म्हणून आणलेला, वर मोठ्या अक्षरांत ‘भरपूर फायबर’. मी मूठभर खाल्लं. चहा संपायच्या आत टाळूला खाज सुटली, मग कानाच्या आत, जिथे बोट पोचत नाही तिथे. तळहात लाल झाले. गळ्यावर आणि पोटावर गांधी उठल्या. खालचा ओठ जड झाला, आवाज घोगरा झाला आणि पोटात कळ आली. खोकला थांबेना, तेव्हा शेजारच्या सिस्टरला वाटलं मला ठसका लागलाय. ती पाठीवर थापट्या मारत होती आणि मी बाह्या वर करून तिला गांधी दाखवत होते. हे सगळं रुग्णालयातच घडलं हे माझं नशीब. ड्युटीवरच्या डॉक्टरांनी मांडीत ॲड्रेनलिन दिलं. ते इंजेक्शन मी कित्येकांना दिलेलं आहे, पण दिल्यावर हातापायांना असा कंप सुटतो आणि काळीज असं धडधडतं, हे तोवर फक्त पेशंटच्या तोंडून ऐकलं होतं. काही मिनिटांत छाती मोकळी झाली. रात्रभर निरीक्षणाखाली ठेवलं.

आळ आला बदामावर. त्या पुड्यात बदामाचे काप होते आणि सुक्या मेव्याची ॲलर्जी सगळ्यांना माहीत असते, म्हणून कोणी पुढे शोधलंच नाही. ॲलर्जीतज्ज्ञाकडे गेले तेव्हा त्यांनी पहिली गोष्ट मागितली ती पुड्याचं वेष्टन. सुदैवाने त्या सिस्टरच्या कपाटात दुसरा पुडा होता. घटकांच्या यादीत मधोमध कुठेतरी ‘सिलियम हस्क’ होतं. सिलियम म्हणजेच इसबगोल. त्यांनी यादीवरून बोट फिरवलं, माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, “सिस्टर, वॉर्डात पावडर कालवता का?” त्यांना वैद्यकीय साहित्य ठाऊक होतं, मला नव्हतं.

त्वचेवरच्या चाचणीत बदामाचा थेंब तसाच राहिला आणि इसबगोलच्या थेंबाखाली चांगली जाड गांधी उठली, भोवती लाल वर्तुळ. रक्तातलं इसबगोलविरुद्धचं आयजीईही भरपूर निघालं. मग त्यांनी समजावलं ते असं. ॲलर्जी एका फटक्यात होत नाही. आधी शरीर त्या पदार्थाविरुद्ध आयजीई नावाची प्रतिपिंडं तयार करतं. या काळात बाहेरून काहीच दिसत नाही, किंवा नुसत्या शिंका येतात. ही तयारी तोंडावाटेच व्हायला हवी असं नाही. नाकातून, श्वासातूनही होते. मी रोज थोडी थोडी पावडर हुंगत होते आणि शरीर गुपचूप हिशोब ठेवत होतं. मग एका दिवशी तीच वस्तू मी गिळली, म्हणजे श्वासात जाते त्याच्या कितीतरी पट मात्रा एकदम पोटात गेली. पुढचं वर सांगितलंच.

नंतर वाचत गेले तेव्हा कळलं की माझी गोष्ट बरीच जुनी आहे. औषध कारखान्यांत इसबगोल दळणारे, पुड्या भरणारे कामगार आणि वॉर्डात तो कालवणाऱ्या परिचारिका यांच्यातल्या दम्याच्या आणि सर्दीच्या नोंदी गेल्या शतकापासून होत आल्या आहेत. 1989 च्या सुमारास अमेरिकेत हृदयासाठी चांगला म्हणून इसबगोल घातलेला नाश्त्याचा पदार्थ बाजारात आला, आणि 1990 व 1991 साली वैद्यकीय नियतकालिकांत तो खाऊन ॲनाफिलॅक्सिस, म्हणजे अंगभर उसळणारी आणि जिवावर बेतणारी ॲलर्जी, झालेल्यांच्या हकीकती छापून आल्या. त्यांत परिचारिका होत्या. वर्षानुवर्षं पेशंटना पावडर देणाऱ्या, आणि एका सकाळी वाडग्यातला नाश्ता खाऊन गुदमरलेल्या. वाचताना अंगावर काटा आला. 2003 साली इसबगोलच्या ॲलर्जीने झालेल्या मृत्यूची नोंदही प्रसिद्ध झाली आहे. अमेरिकेत विकल्या जाणाऱ्या इसबगोलच्या डब्यांवर सूचनाच असते की श्वासातून किंवा खाण्यातून आलेल्या सिलियमला संवेदनशील असलेल्यांना ॲलर्जी होऊ शकते. युरोपीय औषध संस्थेच्या माहितीपत्रकातही पावडर हाताळणाऱ्या आरोग्य कर्मचाऱ्यांचा वेगळा उल्लेख आहे. अक्षरं बारीक असतात, पण असतात. आमच्या वॉर्डातला डबा मी किती वेळा हातात धरला असेल आणि चमच्याचं माप सोडून काय वाचलं असेल!

आता थोडं रसायनशास्त्र, कारण इथे एक बारकावा आहे आणि तो मला फार आवडतो. फायबर म्हणजे साखरेच्या लांब साखळ्या. ॲलर्जी बहुतेक वेळा प्रथिनांची असते. म्हणजे टरफलाला हसणारे लोक अगदीच चूक नाहीत. शुद्ध टरफलात ॲलर्जी करणारं फारसं काही नसतंच. ती प्रथिनं असतात बीच्या आतल्या भागात, गर्भात आणि त्याच्या भोवतीच्या गरात. पण टरफल वेगळं करायचं तर बी भरडावं लागतं, आणि भरडताना आतले कण टरफलात मिसळतात. व्यापारात 95, 98, 99 टक्के शुद्धतेचा माल असतो. उरलेल्या टक्क्यांत बीचे तुकडे असतात. भुसा जितका निर्मळ तितकी ॲलर्जी करणारी प्रथिनं कमी, हे प्रयोगशाळेत पाहिलं गेलं आहे. पण हा हिशोब ज्यांना अजून काही झालेलं नाही त्यांच्यासाठी. ज्याला एकदा ॲनाफिलॅक्सिस झाला त्याने 99 टक्क्यांवर जीव टांगू नये. मला एका ओळखीच्या गृहस्थांनी “आमचा प्युअर असतो, घेऊन बघा” असा आग्रह केला होता. मी त्यांना ॲड्रेनलिन कुठे टोचतात ते सविस्तर सांगितलं. आग्रह थांबला.

बरं, ‘फायबर’ ही एक वस्तू नाही. डबे एकाच फळीवर असतात, वेष्टनावर तीच हिरवी पानं असतात, पण आतला माल वेगवेगळ्या झाडांचा असतो आणि प्रत्येकाची ॲलर्जी वेगळी. इसबगोल चालत नाही म्हणजे फायबरच चालत नाही असा निष्कर्ष लोक काढतात, तो चूक. आणि एक फायबर चालतं म्हणजे सगळी चालतील, हाही चूकच.

इन्युलिनचं उदाहरण घ्या. ते बहुतेक वेळा चिकोरीच्या मुळापासून काढतात. ‘प्रीबायोटिक’ म्हणून पुड्यांतून विकतात, आणि दही, आइस्क्रीम, प्रोटीन बार यांतही घालतात, कारण त्याने पदार्थ गोडसर आणि मऊ लागतो. त्याची ॲलर्जी दुर्मीळ, पण 2000 साली न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिनमध्ये एका रुग्णाची हकीकत आली होती. त्याला आर्टिचोकसारख्या भाज्यांनी त्रास झाला आणि इन्युलिन घातलेल्या तयार पदार्थांनीही. वरवर पाहता या पदार्थांचा एकमेकांशी काही संबंध नाही. वेगवेगळ्या वस्तू खाऊन तीच प्रतिक्रिया येत असेल तर त्यांच्यातलं समान शोधावं लागतं, आणि ते समान वेष्टनाच्या शेवटच्या ओळीत असू शकतं.

ग्वार गम म्हणजे गवारीच्या बियांची पूड. ती फायबर म्हणून घेतात, पदार्थ दाट करायला घालतात, आणि गालिच्यांच्या कारखान्यातही वापरतात. तिथल्या कामगारांना तिच्या धुरळ्याने सर्दी आणि दमा झाल्याचं नोंदलेलं आहे. अकेशियाचा डिंक, जो हल्ली ‘सौम्य फायबर’ म्हणून पुड्यांत मिळतो, तो एके काळी छापखान्यांत ओल्या शाईचे कागद एकमेकांना चिकटू नयेत म्हणून फवारत असत. त्या कामगारांच्या दम्याला ‘प्रिंटर्स ॲस्थमा’ असं नावच पडलं होतं. परिचारिका, गालिचेवाले, छापखानेवाले. मला या मंडळींबद्दल उगाचच आपुलकी वाटते. कुणीही पोट साफ व्हायला काही घेतलं नव्हतं.

जवस वेगळं. ते अख्खं बी असतं, त्यामुळे प्रथिनं भरपूर. जवसाने ॲनाफिलॅक्सिस झाल्याच्या नोंदी आहेत. वाटाण्याचं फायबर, ल्युपिनचं फायबर, मेथीची पूड हे सगळे शेंगवर्गातले भाऊबंद. शेंगदाण्याची ॲलर्जी असलेल्यांपैकी काहींना ल्युपिन किंवा मेथीही बाधते. युरोपात ल्युपिनचा उल्लेख वेष्टनावर करणं सक्तीचं आहे ते याचसाठी. गव्हाचा कोंडा किंवा गव्हापासून केलेलं डेक्स्ट्रिन हे गव्हाची ॲलर्जी असलेल्यांनी डॉक्टरांना विचारूनच घ्यावं. इथे ‘ग्लूटेन-फ्री’ या शब्दावर भिस्त ठेवू नका. ग्लूटेन या गव्हातल्या प्रथिनाने आतड्याला इजा होते तो सीलिअॅक आजार वेगळा आणि गव्हाची ॲलर्जी वेगळी, आणि गव्हात ग्लूटेन सोडूनही ॲलर्जी करणारी प्रथिनं असतात.

आणि कधी कधी फायबर बिचारं निर्दोष असतं. संत्र्याच्या चवीच्या पावडरीत रंग असतो, सुवास असतो, गोडी आणणारं काहीतरी असतं. चघळायच्या गोळीत जिलेटिन असतं. म्हणून तपासणीला जाताना “मी फायबर घेतो” एवढं सांगून भागत नाही. डबाच न्यावा, त्याच चवीचा, जमल्यास त्याच बॅचचा.

माझ्याकडे येणाऱ्या प्रश्नांपैकी बहुतेक मात्र ॲलर्जीचे नसतातच. “मला फायबरची ॲलर्जी आहे, घेतलं की पोट ढोलासारखं होतं.” अहो, ती ॲलर्जी नाही. इन्युलिनसारखं फायबर मोठ्या आतड्यातले जिवाणू आंबवतात, त्यातून वायू होतो. पोट फुगणं, गुडगुडणं, कळा, कधी पातळ शौच हे त्याचंच लक्षण. ते काही तासांनी होतं, मात्रेप्रमाणे कमीजास्त होतं, आणि थोड्या मात्रेपासून सुरू केलं की पुष्कळांचं कमी होतं. ॲलर्जी बहुधा काही मिनिटांत ते दोन तासांत येते, थोड्या मात्रेनेही येते, आणि ती फक्त पोटात बसून राहत नाही. कातडीवर दिसते, नाकात, डोळ्यांत, ओठांवर, श्वासात दिसते. नुसतं पोट फुगलं तर मात्रा कमी करा. पण पोटात कळ आणि जोडीला गांधी किंवा खोकला असेल तर ती गोष्ट वेगळी.

एक घोटाळा जास्त धोक्याचा आहे आणि तो मी वॉर्डात प्रत्यक्ष पाहिला आहे. इसबगोल कमी पाण्यात घेतला तर तो अन्ननलिकेतच फुगून अडकू शकतो. मग माणूस गळा धरतो, “घसा बंद झाला” म्हणतो. ॲलर्जीतही माणूस अगदी हेच शब्द वापरतो. अडकल्यावर गिळता येत नाही, लाळ बाहेर येते, छातीच्या मधोमध दुखतं, उलटीची उबळ येते, पण अंगावर गांधी नसतात, ओठ सुजत नाहीत. दोन्ही वेळा धावपळीचंच काम, फक्त उपचार वेगळे. अडकलेल्याला “आणखी पाणी प्या, खाली जाईल” असं सांगू नये. पाण्याने तो आणखी फुगतो. दाणेदार स्वरूपातला इसबगोल असा अडकत असल्याने अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने 2007 साली डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकल्या जाणाऱ्या औषधांत त्याला मनाई केली. पावडर घेतानाही किमान 240 मिलीलिटर पाणी हवं, आणि ज्याला गिळायला त्रास आहे त्याला ती देऊच नये. लकवा मारलेल्या पेशंटच्या तोंडाशी प्रेमाने इसबगोलचा ग्लास नेणारे नातेवाईक पाहिले की माझा आवाज अजूनही चढतो.

ॲनाफिलॅक्सिसबद्दल सिस्टरच्या खाक्यात सांगते. श्वास लागतोय, आवाज बदललाय, चक्कर येतेय, किंवा गांधींच्या जोडीला सारख्या उलट्या होताहेत, यांपैकी काहीही असेल तर ॲलर्जीची साधी गोळी देऊन वाट बघत बसायचं नाही. ती गोळी खाज कमी करते, पण पडणारा रक्तदाब उचलत नाही आणि सुजलेली श्वासनलिका उघडत नाही. ते काम ॲड्रेनलिनचं. मांडीच्या बाहेरच्या बाजूला, मधोमध, स्नायूत. प्रौढ माणसाला रुग्णालयात अर्धा मिलिग्रॅम देतात. पेन इंजेक्टर, म्हणजे ॲड्रेनलिन भरलेलं पेनसारखं तयार इंजेक्शन, जवळ असेल तर तो तिथेच लावायचा, कपड्यावरून लावला तरी चालतो. माणसाला आडवं करायचं, पाय थोडे उंच. श्वास फारच लागत असेल तर पाय पसरून बसू द्यायचं, पण उभं करायचं नाही आणि जिना उतरवत चालवायचं नाही. रक्तदाब पडलेला असताना एकदम उभं केल्याने माणसं दगावली आहेत. बरं वाटलं तरी रुग्णालयात जायचंच, कारण काही तासांनी दुसरी लाट येऊ शकते. रक्तदाबासाठी किंवा हृदयासाठी बीटा ब्लॉकर घेणाऱ्यांत ॲड्रेनलिनचा असर कमी पडू शकतो, म्हणून ती गोळी चालू असेल तर ते डॉक्टरांना आल्या आल्या सांगायचं.

चाचणीचं सांगायचं तर त्वचेवरची चाचणी सोपी आहे. हातावर थेंब, त्यावर हलकी टोचणी, आणि 15 ते 20 मिनिटांनी मोजणी. काही दिवस आधीपासून ॲलर्जीच्या गोळ्या बंद ठेवाव्या लागतात, नाहीतर गांधी उठतच नाही. तयार द्रावण नसेल तर तुमच्याच डब्यातली पावडर कालवून वापरता येते. मात्र ज्याला मोठी प्रतिक्रिया येऊन गेली आहे त्याची चाचणी सगळी तयारी असलेल्या ठिकाणीच व्हायला हवी. चाचणी होकारार्थी आली म्हणजे ॲलर्जी आहेच असंही नाही. शरीराने आयजीई तयार केलं आहे एवढंच ती सांगते. प्रत्यक्ष त्रास होतो का, ते तुमच्या हकीकतीवरून ठरतं, आणि शंका उरलीच तर रुग्णालयात थोडं थोडं खायला देऊन. शेकडो पदार्थांविरुद्धचं आयजीजी, म्हणजे आयजीईहून वेगळं प्रतिपिंड, मोजून देणारे जे महागडे पॅनेल असतात, त्यांवर पैसे घालवू नका. आयजीजी म्हणजे तुम्ही तो पदार्थ खाता, याहून जास्त त्यातून काही कळत नाही. आणि घरी बोटभर पावडर जिभेवर ठेवून ‘बघू काय होतं’ हा प्रयोग तर नकोच नको.

पण माझा खरा राग आहे तो एका प्रश्नावर, जो मी स्वतः हजारो लोकांना विचारला असेल: “काही औषधं चालू आहेत का?” पेशंट बीपीची, शुगरची, थायरॉइडची नावं घेतो. फायबरचं नाव कोणी घेत नाही. ते औषध वाटतच नाही ना! भुसाच तर आहे. त्यामुळे अंगावर वारंवार गांधी उठणाऱ्या माणसाची औषधं बदलली जातात, साबण बदलला जातो, खाण्यातलं अर्धं अधिक बंद केलं जातं, आणि रोज रात्रीचा एक चमचा चालूच राहतो. यात पेशंटचा दोष नाही, प्रश्नाचा आहे. मी निवृत्त होण्याआधी वॉर्डातल्या मुलींना वेगळा प्रश्न विचारायला लावला: “पोट साफ व्हायला काय घेता?” याचं उत्तर लोक हातचं न राखता देतात. चूर्णं निघतात, पुड्या निघतात, चघळायच्या गोळ्या निघतात, कोणी कोलेस्टेरॉलसाठी घेत असतं, कोणी वजनासाठी. शिवाय हे कळणं दुसऱ्याही कारणासाठी बरं, कारण इसबगोल सोबतच्या गोळ्यांचं शोषण लांबवू शकतो, म्हणून औषधं आणि तो यांत अंतर ठेवायचं असतं.

वॉर्डातली पद्धतही बदलली. सहजासहजी नाही. मोठा डबा स्वस्त पडतो आणि खरेदीचा कागद माझ्या हातात नव्हता. शेवटी एकेका मात्रेची पाकिटं आली. पाकीट ग्लासाच्या आत नेऊन कापायचं, तोंड दुसरीकडे करायचं, पाणी कडेने हळू सोडायचं. ट्रॉली ओल्या फडक्याने पुसायची, कोरड्या नाही. ज्यांना राउंडला शिंका येत होत्या त्यांना त्या कामातून काढलं आणि तपासणीला पाठवलं. काहींचे अहवाल माझ्यासारखेच आले. घरी आईवडिलांसाठी रोज पावडर कालवणारे पुष्कळ असतात. त्यांना हे कोणी सांगत नाही, म्हणून इथे लिहून ठेवते आहे. कालवताना तुम्हालाच शिंका येत असतील, डोळ्यांना खाज येत असेल, तर तो डबा बदला आणि स्वतः ती वस्तू खाऊन बघायच्या भानगडीत पडू नका.

वेष्टनं वाचणं हा आता माझा जोडधंदाच झाला आहे. सिलियम, इस्पाघुला, प्लँटॅगो ओव्हाटा ही सगळी त्याचीच नावं. ग्लूटेन नसलेल्या पावात तो हमखास असतो, कारण ग्लूटेनविना पाव बांधला जात नाही आणि ते काम हा करतो. कमी कर्बोदकांच्या पिठांत असतो, जेवणाऐवजी पिण्याच्या पावडरींत असतो, कॅप्सूलमध्ये असतो. ‘फायबर ब्लेंड’ असं नुसतं लिहिलेलं असेल तर मी पुडा परत फळीवर ठेवते. कंपनीला पत्र लिहून विचारलं तर काही कंपन्या नीट उत्तर देतात, काही आहाराचे फायदे सांगणारं माहितीपत्रक पाठवतात.

“थोडं थोडं घेऊन सवय करता येईल का?” असंही विचारतात. शेंगदाण्यासाठी तसे उपचार तज्ज्ञांच्या देखरेखीखाली होतात, ते खरं. पण इसबगोलवाचून कोणाचं अडत नाही, दुसऱ्या वस्तूंनी पोट साफ होतं. त्यासाठी एवढी जोखीम कोण घेईल? मला डॉक्टरांनी मेथिलसेल्युलोज दिलं आहे. ते सेल्युलोजवर प्रक्रिया करून बनवतात, त्यात बियांची प्रथिनं नसतात आणि जिवाणू ते आंबवत नाहीत, म्हणून वायूचाही त्रास कमी. सुरू करताना पहिली मात्रा त्यांच्यासमोरच घेतली. काहींना मॅक्रोगॉल हे शौच मऊ करणारं औषध देतात. तेही चांगलं, पण त्याचीही ॲलर्जी असणारे लोक आहेत, विरळा का होईना. मेथिलसेल्युलोजवर माझं ठीक चाललं आहे. दमाही राउंड सुटल्यापासून पुष्कळ उतरला, इनहेलर क्वचितच लागतो. पेनची मुदत संपत आली की बदलून घेते, आणि केस पेपरवरचं ते प्रश्नचिन्ह पुढच्या भेटीत त्याच डॉक्टरांकडून खोडून घेतलं.